खालसा झालेलं इनाम आणि बदललेलं नाव: पोर्तुगालमधल्या टेम्पलरांचं प्रकरण (१३०७–१३१९)

२२ नोव्हेंबर १३०७ रोजी पाचव्या क्लेमेंट पोपने युरोपातल्या सगळ्या ख्रिस्ती राजांना एक फर्मान धाडलं. आपापल्या राज्यातल्या टेम्पलरांना, म्हणजे शस्त्रधारी ख्रिस्ती संन्याशांच्या संघातल्या माणसांना, पकडा, त्यांची मालमत्ता ताब्यात घ्या आणि ती चर्चच्या वतीने सांभाळा, असा त्याचा मजकूर होता. फ्रान्समध्ये हे काम महिनाभर आधीच होऊन गेलं होतं. १३ ऑक्टोबरच्या शुक्रवारी, पहाटे, चौथ्या फिलिप राजाच्या माणसांनी देशभर एकाच वेळी छापे घातले होते. पॅरिसमध्ये १३८ जणांची जबानी झाली. त्यातल्या १३४ जणांनी पाखंडीपणाचे आरोप कबूल केले, कारण कबुली कशी काढायची हे विचारणाऱ्यांना चांगलं ठाऊक होतं.

तेच फर्मान पोर्तुगालच्या दिनीश राजाकडेही आलं. त्याच्या राज्यात मात्र एकाही टेम्पलरला जाळलं गेलं नाही. बारा वर्षांनी तीच माणसं, तेच किल्ले आणि त्याच जमिनी एका नव्या नावाखाली पुन्हा उभ्या राहिल्या. हे कसं घडलं, हा या प्रकरणाचा विषय आहे. टेम्पलरांबद्दल गूढकथांचा बाजार कायम तेजीत असतो: गुप्त खजिना, शाप, लपवलेली रहस्यं. माझ्या मते खरी विलक्षण गोष्ट पोर्तुगालमध्ये घडली, आणि ती जमिनीच्या कागदपत्रांची आहे.

कोण होते हे लोक

१११९ च्या सुमारास यरुशलेममध्ये यूग द पायें आणि त्याच्या काही सोबत्यांनी यात्रेकरूंच्या रक्षणाचं व्रत घेतलं. ब्रह्मचर्य, अपरिग्रह आणि आज्ञापालन ही संन्याशाची तीन व्रतं त्यांनी घेतली, पण तलवार मात्र खाली ठेवली नाही. आपल्याकडे शस्त्र चालवणारे गोसावी आणि बैरागी होते, त्यांच्या आखाड्यांची आठवण इथे साहजिक आहे. फरक असा की टेम्पलरांचा संघ एकाच प्रमुखाच्या हुकमतीखाली होता आणि ११३९ च्या पोपच्या सनदेनंतर तो फक्त पोपला उत्तर देई. स्थानिक बिशपचा त्यांच्यावर हात चालत नसे. राजाचाही फारसा नाही. त्यांना युरोपभर जमिनी दान मिळाल्या, त्यांचं उत्पन्न पूर्वेच्या लढायांकडे जाऊ लागलं, आणि पैसा सुरक्षित ठेवण्याच्या व पोचवण्याच्या कामात संघाचा इतका जम बसला की राजेही त्यांच्याकडे ठेवी ठेवू लागले.

१२९१ मध्ये एकर शहर पडलं आणि पवित्र भूमीतला ख्रिस्ती सत्तेचा पाया संपला. ज्या कामासाठी दानं मिळाली ते कामच उरलं नाही, जमिनी मात्र तशाच राहिल्या. फ्रान्सच्या कर्जबाजारी राजाची नजर त्यांच्यावर गेली ती याच फटीतून.

पोर्तुगालचा वेगळा हिशेब

पोर्तुगालमध्ये गोष्ट निराळी होती. इथे टेम्पलरांना पहिला किल्ला मिळाला ११२८ मध्ये, सोउरेचा. पोर्तुगाल तेव्हा राज्यही नव्हतं, परगणा होता, आणि देणारी होती त्याची शासक दोना तेरेझा. ही जमीन दूरच्या यरुशलेमसाठी दिलेली नव्हती, दारातल्या सीमेसाठी होती. सोउरेच्या दक्षिणेला मुसलमानी सत्ता होती आणि मधला मुलूख ओसाड. किल्ला घ्या, गाव वसवा, सीमा राखा, असा सौदा होता. आपल्या भाषेत सांगायचं तर हे चाकरीचं इनाम होतं.

तोमार त्याच सौद्यातून उभं राहिलं. ११६० मध्ये संघाचा पोर्तुगालमधला प्रमुख गुआल्दिम पायश याने तिथे टेकडीवर किल्ला बांधायला घेतला. आतलं चर्च गोल आहे. बाहेरून सोळा बाजू, आत मधोमध अष्टकोनी गाभारा, आणि गाभाऱ्याभोवती फिरायला वाट. आपण देवळात प्रदक्षिणा घालतो तशी तिथे सहज घालता येईल. हा घाट यरुशलेमच्या पवित्र समाधीच्या चर्चवरून घेतलेला आहे. ११९० मध्ये अल्मोहाद खलिफा याकूब अल-मन्सूरच्या फौजेने तोमारला वेढा घातला. गुआल्दिम तेव्हा सत्तरी ओलांडलेला होता. किल्ला टिकला, फौज परत गेली. इनामाची चाकरी चोख झाली होती आणि ती सगळ्या देशाने पाहिली होती.

म्हणूनच १३०७ मध्ये ‘टेम्पलर पाखंडी आहेत’ हे पोर्तुगीज माणसाच्या गळी उतरवणं सोपं नव्हतं. पण दिनीशने त्यांना वाचवलं ते केवळ या आठवणीपोटी, असं मी म्हणणार नाही. त्याला जमीन हवी होती. ती परक्याच्या हाती जाऊ नये एवढं तर नक्कीच हवं होतं.

दिनीश आणि त्याची कागदांची सवय

दिनीश १२७९ मध्ये गादीवर आला आणि १३२५ पर्यंत राज्य केलं. लोक त्याला ‘शेतकरी राजा’ म्हणत. तो कवी होता, १२९० मध्ये त्याने देशातलं पहिलं विद्यापीठ काढलं आणि राजदरबारच्या लिखापढीत लॅटिनच्या जागी पोर्तुगीज आणली. मात्र या प्रकरणासाठी त्याच्या दोन सवयी महत्त्वाच्या आहेत.

पहिली सवय चौकशांची. जमिनीचा हक्क कोणाकडून आला, सनद कुठे आहे, हे तपासायला तो गावोगाव माणसं धाडत असे. एकोणिसाव्या शतकात इंग्रजांनी मुंबई इलाख्यात इनाम कमिशन नेमलं, तेव्हा वाड्यावाड्यांतून जुनी दप्तरं बाहेर निघाली होती. दिनीशच्या चौकशांचा धाक त्याच जातीचा होता. शिवाय धर्मसंस्थांनी नव्या जमिनी विकत वा वारशाने घेऊ नयेत असे कायदेही त्याने केले होते. चर्चकडे गेलेली जमीन परत येत नाही, हे त्याला पक्कं माहीत होतं.

दुसरी सवय परक्या धन्यांना दूर ठेवण्याची. सांतियागोचा लष्करी संघ पोर्तुगालमध्येही होता, पण त्याचा प्रमुख बसायचा शेजारच्या कास्तील राज्यात. १२८८ मध्ये दिनीशने पोपकडून परवानगी मिळवून पोर्तुगीज शाखेला स्वतंत्र प्रमुख नेमून घेतला. यावरून कास्तीलशी वाद चिघळत राहिला, तरी त्याने धरलेलं सोडलं नाही. म्हणजे टेम्पलरांचं प्रकरण समोर आलं तेव्हा धर्मसंघाला राज्याच्या चौकटीत कसं आणायचं याचा सराव त्याला झालेला होता.

पहिली चाल: दावे

फर्मान आल्यावर त्याच्यापुढे मोजके रस्ते होते. फ्रान्ससारखी धरपकड करावी, तर मालमत्ता शेवटी पोपच्या हातात जाणार. फर्मान धुडकावावं, तर पोपशी उघड वैर. काहीच करू नये, तर संघ बरखास्त होताच जमीन ज्याला पोप देईल त्याची.

दिनीशने कोर्ट निवडलं. सोउरे, पोम्बाल, इदान्या-आ-वेल्या अशा एकेका ठिकाणाबद्दल राजाच्या न्यायसभेत दावे लागले: ही जागा मुळात राजाची, चाकरीसाठी दिलेली, म्हणून राजाकडे परत यावी. १३०९ पर्यंत निकाल राजाच्या बाजूने लागत गेले. न्यायसभाही त्याचीच होती, तेव्हा निकालाबद्दल कोणाला धाकधूक नव्हती. तरीही या खटाटोपाला अर्थ आहे. पाखंडीपणाचा आरोप खरा की खोटा, या प्रश्नाला हात न लावता जमीन राजाकडे आली. पोपने माणसांना निर्दोष ठरवलं असतं तरी निकाल शाबूत राहिला असता, आणि दोषी ठरवलं असतं तरी. मुद्दा धर्माचा न राहता मालकीचा झाला होता, आणि मालकीचा न्याय राजाच्या अंगणात होतो.

दुसरी चाल: शेजाऱ्याशी करार

एकटं पडलं तर पोपपुढे टिकणार नाही, हे दिनीशने ओळखलं होतं. १३१० मध्ये त्याने कास्तीलच्या चौथ्या फेर्नांदोशी करार केला. संघ बरखास्त झालाच, तर आपापल्या राज्यातली टेम्पलरांची मालमत्ता आपण सोडायची नाही आणि या बाबतीत एकमेकांची पाठराखण करायची. पुढे आरागॉनचा दुसरा जाइमेही यात सामील झाला. तेरा वर्षांपूर्वीच पोर्तुगाल आणि कास्तील यांनी सीमेचा तंटा तहाने मिटवला होता. त्या तहाची फळं ही अशी अनपेक्षित जागी मिळाली.

त्याच वर्षी सालामांकाला प्रांतिक धर्मसभा भरली. कास्तील, लिओन आणि पोर्तुगालमधल्या टेम्पलरांची तिथे चौकशी झाली आणि ते निर्दोष ठरले. त्याच १३१० च्या मे महिन्यात, १२ तारखेला, पॅरिसबाहेर ५४ टेम्पलर जिवंत जाळले गेले. आधी दिलेली कबुली त्यांनी मागे घेतली होती, हा त्यांचा गुन्हा. संघ एकच, नियमावली एकच, आरोपांची यादीही एकच. माणूस कोणत्या राजाच्या हद्दीत राहतो एवढ्यावर त्याचा जीव ठरला. हे वाचताना दर वेळी माझा हात थांबतो.

तिसरी चाल: थांबणं

२२ मार्च १३१२ रोजी आजच्या फ्रान्समधल्या व्हिएन्नच्या धर्मपरिषदेत क्लेमेंटने संघ बरखास्त केला. आरोप सिद्ध झाल्याचं त्याने म्हटलं नाही. संघाची इतकी बदनामी झाली आहे की तो चालवणं शक्य नाही, असं कारण दिलं. २ मे रोजी दुसरं फर्मान निघालं: टेम्पलरांची सगळी मालमत्ता हॉस्पिटलर या दुसऱ्या लष्करी संघाला द्यावी. त्यात एक अपवाद नोंदवला होता. कास्तील, आरागॉन, पोर्तुगाल आणि मायोर्का इथल्या मालमत्तेचा निर्णय पोप मागाहून करील.

दोन वर्षांपूर्वीच्या कराराचं हे फळ. हॉस्पिटलरांबद्दल दिनीशची अडचण सरळ होती. त्यांचा तळ ऱ्होड्स बेटावर, प्रमुख तिथे, आणि पोर्तुगालमध्ये त्यांच्या जमिनी आधीच मोठ्या. त्यात टेम्पलरांची भर पडली असती तर राज्यात राजाला जुमानणार नाही अशी एक परकी सत्ता उभी राहिली असती.

मग सगळं थंडावलं. १३१४ च्या मार्चमध्ये संघाचा शेवटचा प्रमुख जाक द मोले पॅरिसला जाळला गेला. एप्रिलमध्ये क्लेमेंट वारला, नोव्हेंबरमध्ये फिलिप. पुढचा पोप निवडायला कार्डिनलांना दोन वर्षांहून जास्त वेळ लागला. १३१६ च्या ऑगस्टमध्ये बाविसावा जॉन गादीवर आला. या काळात दिनीशने घाई केली नाही. जमीन त्याच्या ताब्यात होती, उत्पन्न येत होतं, माणसं जिवंत होती. ज्याच्या हातात कब्जा आहे त्याने थांबावं, ही गोष्ट आपल्याकडे जमिनीचे दावे लढलेल्या कुठल्याही घराला सांगावी लागत नाही.

चौथी चाल: कास्त्रो मारिम

नवा पोप हिशेबाला पक्का होता. नुसत्या विनंतीने तो हलला नसता. १३१८ मध्ये दिनीशने आव्हिन्योला, जिथे तेव्हा पोपचा दरबार होता, वकील धाडले. त्यांनी मांडलेला मुद्दा मला या सगळ्या प्रकरणातला सर्वांत कसबी वाटतो. दक्षिणेच्या आल्गार्व किनाऱ्यावर मुसलमानी जहाजांचे हल्ले होतात, तिथे धर्मयोद्ध्यांचा नवा संघ हवा, त्याच्यासाठी राजा कास्त्रो मारिमचा किल्ला द्यायला तयार आहे, आणि संघाच्या खर्चाला टेम्पलरांची जुनी मालमत्ता लावावी.

आल्गार्व पोर्तुगीजांच्या ताब्यात आलं होतं १२४९ मध्ये. म्हणजे पोर्तुगालची जमिनीवरची मुसलमानी सीमा संपून जवळजवळ सत्तर वर्षं झाली होती. समुद्रावरचे हल्ले खरे होते, पण तेवढ्यासाठी देशाच्या मध्यातले डझनावारी किल्ले आणि गावं कशाला? तरीही मुद्दा नाकारता येण्यासारखा नव्हता. पोपला राजापुढे माघार घ्यायची नव्हती. सीमेच्या रक्षणासाठी धर्मकार्य केलं असं दाखवायला त्याला एक जागा हवी होती. दिनीशने ती नकाशावर बोट ठेवून दिली.

१४ मार्च १३१९ रोजी सनद निघाली आणि ‘येशू ख्रिस्ताच्या सेनेचा संघ’ जन्माला आला. लोक त्याला ख्रिस्तसंघ म्हणू लागले. पहिला प्रमुख नेमला तो जिल मार्तिंश, आधी आविश या दुसऱ्या लष्करी संघाचा प्रमुख असलेला, म्हणजे टेम्पलर नव्हे. नियमावली कास्तीलच्या कालात्रावा या लष्करी संघाची, देखरेख अल्कोबासाच्या मठाधिपतीची, आणि प्रमुखाने राजाशी निष्ठेची शपथ घ्यायची. टेम्पलर फक्त पोपला उत्तर देत. ख्रिस्तसंघ राजाशीही बांधला गेला. दिनीशने किंमत वसूल केली ती इथे. १३२१ च्या व्यवस्थेत संघात ६९ नाइट, ९ धर्मगुरू आणि ६ शिलेदार-सेवक अशा ८४ जणांची तरतूद झाली. जुने टेम्पलर नव्या संघात आले. त्यांचा पोर्तुगालमधला शेवटचा प्रमुख वास्को फेर्नांदिश हाही आला, पण प्रमुख म्हणून नव्हे, एका ठाण्याचा कमांडर म्हणून.

अंगावरच्या खुणेतही हा समझोता दिसतो. टेम्पलरांचा क्रूस लाल होता. ख्रिस्तसंघाने तो लालच ठेवला, फक्त त्याच्या आत एक बारीक पांढरा क्रूस बसवला. दुरून पाहणाऱ्याला जुनाच क्रूस दिसावा, जवळ गेल्यावर नवा.

कास्त्रो मारिम दूर होतं, उन्हाचं आणि खाजणाचं. १३५७ पर्यंत मुख्यालय तोमारला परतलंही. ज्या सीमेसाठी संघ काढला होता ती अडतीस वर्षांत मागे पडली. जिल मार्तिंशला पुरलं ते तोमारच्याच सांता मारिया दू ओलिवाल चर्चमध्ये, जिथे गुआल्दिम पायशही पुरलेला आहे.

या निकालातून पुढे काय निघालं

जाइमेच्या आरागॉनशी तुलना केली तर दिनीशच्या चालीचं वजन कळतं. जाइमेने सैन्य धाडलं. टेम्पलर किल्ल्यांत अडून बसले. मिराव्हेत १३०८ अखेर पडला, मोन्सोन १३०९ च्या मेमध्ये. शेवटी १३१७ मध्ये त्याला व्हालेन्सियापुरता मोन्तेसाचा नवा संघ मिळाला, पण आरागॉन आणि कातालोनियातल्या जमिनी हॉस्पिटलरांकडे गेल्या. दिनीशने न लढता सगळं राखलं.

राखलेली ही पुंजी शंभर वर्षांनी वेगळ्याच कामी आली. १४२० मध्ये राजपुत्र हेन्री ख्रिस्तसंघाचा प्रशासक झाला. आफ्रिकेच्या किनाऱ्याने दक्षिणेला निघालेल्या जहाजांमागे संघाचं उत्पन्न आणि संघाची माणसं उभी राहिली. हा भाग गौरवाने सांगण्याची रीत आहे, ती मला मान्य नाही. ८ ऑगस्ट १४४४ रोजी लागोसच्या किनाऱ्यावर आफ्रिकेतून पकडून आणलेली २३५ माणसं उतरवली गेली आणि वाटे पाडले गेले. आईपासून मुलं तोडली गेली, हे पोर्तुगीज दरबारी बखरकारानेच लिहून ठेवलं आहे. हेन्री घोड्यावर बसून पाहत होता. त्याच्या पाचव्या हिश्शाला ४६ माणसं आली. पुढे १४५७ मध्ये त्याने गिनीच्या व्यापारातला विसावा हिस्सा ख्रिस्तसंघाला लावून दिला. यात्रेकरूंच्या रक्षणासाठी निघालेल्या व्रताच्या जमिनी इथवर येऊन पोचल्या होत्या. दिनीशने ज्यांचे जीव वाचवले त्यांच्याबद्दल मला मनापासून बरं वाटतं, आणि त्यांच्या वारसांच्या या हिशेबाकडे डोळेझाक करता येत नाही.

१४५६ मध्ये पोप तिसऱ्या कालिक्स्तसने ख्रिस्तसंघाला धर्मविषयक अधिकार दिला तो आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या बोजादोर भूशिरापासून गिनीमार्गे ‘थेट हिंदी लोकांपर्यंत’. पोर्तुगीज जहाजं तेव्हा जेमतेम गाम्बिया नदीच्या आसपास पोचली होती. समुद्रमार्ग सापडण्याआधी बेचाळीस वर्षं आपल्या किनाऱ्याचा धर्माधिकार तोमारच्या दप्तरात नोंदला गेला होता.

१४९७ मध्ये वास्को द गामा निघाला तेव्हा निरोपाची प्रार्थना झाली बेलेंच्या चर्चमध्ये, जे ख्रिस्तसंघाचं होतं. निशाण मिळालं तेही संघाच्या क्रूसाचं. (गामा स्वतः तेव्हा सांतियागो संघाचा होता, ख्रिस्तसंघात तो पुढे आला.) राजा मानुएल गादीवर येण्याआधीपासून संघाचा प्रशासक होता, त्यामुळे राज्याची मोहीम आणि संघाची मोहीम यांत फरक करणं अवघड होऊन बसलं. १५१० मध्ये अल्बुकर्कने गोवा घेतल्यावर तिथे नाणी पाडली. एका बाजूला मानुएलचं चिन्ह, खगोलाचा गोल, आणि दुसऱ्या बाजूला ख्रिस्तसंघाचा क्रूस. गोव्याच्या बाजारात भाजी घेणाऱ्या बाईच्या मुठीत ते नाणं होतं.

१५१४ पर्यंत समुद्रापारचे सगळे पोर्तुगीज प्रदेश, म्हणजे गोवासुद्धा, धर्माच्या कारभारात तोमारच्या व्हिकरकडे, म्हणजे संघाच्या धर्माधिकाऱ्याकडे, होते. मग मदैरा बेटावर फुन्शालचं बिशपपीठ झालं, आणि १५३४ मध्ये गोव्याला स्वतःचं. १५५१ मध्ये संघाचं प्रमुखपद कायमचं पोर्तुगालच्या गादीला जोडलं गेलं. बिशप कोण नेमायचा, चर्चचा खर्च कोणी करायचा, हा ‘पाद्रोआदो’चा हक्क त्यामुळे राजाचा झाला.

वसई मराठ्यांनी १७३९ मध्ये घेतली, मुंबई त्याच्या कितीतरी आधी इंग्रजांकडे गेली होती, तरी हा हक्क मिटला नाही. १७९४ पासून मुंबईतली कॅथलिक चर्चेस दोन अंमलांखाली वाटली गेली, काही पाद्रोआदोची आणि काही थेट रोमच्या प्रोपागांडाची, म्हणजे पोपच्या धर्मप्रसार खात्याची. एकाच शहरात, एकाच धर्माच्या माणसांसाठी दोन बिशप. १९२८ च्या करारात दोन्ही एकत्र आली आणि मुंबईचा आर्चबिशप आळीपाळीने एकदा पोर्तुगीज, एकदा ब्रिटिश असावा असं ठरलं. १९५० मध्ये तो नियमही रद्द झाला, आणि मूळच्या गोव्याच्या घराण्यातले व्हॅलेरियन ग्रेशियस मुंबईचे पहिले भारतीय आर्चबिशप झाले.